दगड कुणाच्या हातात

धाकटीने पेनाच्या टोपणाने पडद्यावरचे प्राणी मोजले. सोळा. काल संध्याकाळीही सोळाच होते, आणि पडद्यातून पळून जायची त्यांची काही सोय नव्हती. पण मोजल्याशिवाय कामाला हात लावायचा नाही, अशी तिची शिस्त होती. सोळा प्राणी, एक भिंत, दोन उतार, एक खड्डा, चाळीस दगड. आणि मैदानाच्या मधोमध एक खुंटी.

प्राणी म्हणजे काय, तर मडक्यासारखं धड, दोन आखूड पाय, दोन लांब हात, आणि तोंड कुठल्या बाजूला आहे हे कळावं म्हणून काढलेले दोन ठिपके. ते संगणकाच्या आत राहत. तिथल्याच जमिनीवर चालत, तिथल्याच वजनाने वाकत, तिथल्याच खड्ड्यात पडत. सुरुवातीला कितीतरी दिवस ते नुसते उभे होते. तेव्हा शेजारच्या टेबलावरच्या सहकाऱ्याने, ज्याला त्याच्या काटकुळ्या दंडांपायी सगळे पैलवान म्हणत, त्यांना ‘ठोंबे’ म्हटलं, आणि ते नाव असं चिकटलं की एकदा अहवालातसुद्धा गेलं.

या ठोंब्यांना क्रियेचे शब्द शिकवायचे, हे धाकटीचं काम. एक शब्द त्यांच्या कानावर घालायचा, समजा ‘ढकल’, आणि वाट बघायची. ठोंब्या पडे, गिरक्या घेई, भिंतीवर आपटे. कधीतरी योगायोगाने दगड ढकलला जाई आणि त्याच्या खात्यात एक गुण जमा होई. तो कशापायी मिळाला हे त्याचं त्यानेच शोधायचं. लाखभर वेळा हे झालं की शब्द ऐकल्याबरोबर हात पुढे येत. अशा रीतीने चाल, थांब, ढकल, ओढ, उचल, ठेव आणि आण हे सात शब्द त्यांना येऊ लागले होते. आठवा चालू होता. तो होता ‘दे’.

तिने कळ दाबली. सोळाही ठोंब्यांनी दगड उचलले, डुलत डुलत खुंटीकडे गेले आणि तिच्या पायथ्याशी दगड नेऊन ठेवले. एक घसरून पडला. बाकीच्यांचे दगड खुंटीपासून वीतभराच्या आत होते, म्हणून त्यांना गुण मिळाले.

“सरासरी अठ्ठ्याण्णव टक्क्यांच्या खाली येतच नाही आता,” ती म्हणाली.

पैलवान चहाचा कप घेऊन तिच्या खुर्चीमागे उभा होता. “डॉक्टर, एक गंमत करू?” तिची पीएच.डी. अजून व्हायची होती, म्हणूनच तो तसं म्हणे. तिने मान हलवायच्या आत त्याने वाकून खुंटी काढून टाकली आणि तिच्या जागी एक ठोंब्या उभा केला. “हं. आता याला दे म्हणावं.”

तिने शब्द दिला. जवळचा ठोंब्या दगड घेऊन निघाला. समोरच्यापाशी पोचला आणि त्याने दगड थेट त्याच्या पायावर सोडला. समोरचा कोलमडला. देणारा वळून दुसरा दगड आणायला चालू लागला.

पैलवानाला इतकं हसू आलं की चहा बशीत सांडला. “दिला की! दिला बाई, दिला!”

“अंतर बघ ना,” धाकटी म्हणाली. “वीतभरसुद्धा नाही. नियमात बसतं.”

“नियमात बसतं गं. तो उभा राहत नाही त्याचं काय?”

तिने खुंटी परत लावली. पण दिवसभर तिचं लक्ष त्या कोलमडलेल्या ठोंब्याकडे जात राहिलं.

दुपारी बाईंनी बोलावलं. बाई प्रयोगशाळेच्या प्रमुख. बोलणं मोजकं, चष्मा कायम कपाळावर. त्यांच्यासमोर शेजारचे सर बसले होते. शेजारच्या दालनात सरांचा लोखंडी हात होता, जो कप उचलायला शिकत होता आणि ज्याने आजवर इतके कप फोडले होते की कॅन्टीनवाल्याने त्यांना स्टीलचे पेले देऊन टाकले होते. सर वाईट नव्हते. पण त्यांना यंत्रं हवी होती, आणि धाकटीचे ठोंबे ज्या चार यंत्रांवर राहत त्यांच्याकडे ते वर्षभर, दुकानाच्या काचेला नाक लावलेल्या पोरासारखे, बघत होते.

“समिती पंधरवड्याने, सोमवारी बसतेय,” बाई म्हणाल्या. “यंत्रं तुझ्याकडे ठेवायची की यांना द्यायची, ते तेव्हा ठरेल. शिकवलेलंच करून दाखवलंस तर चालणार नाही, म्हणतात. परीक्षेचा देखावा सर रचणार. तुला आधी दिसणार नाही.”

“आणि यंत्रं गेली तर?” धाकटीने विचारलं.

“तर ठोंबेही गेले. एवढी जागा दुसरीकडे नाही.”

“शब्द कुठला घेऊ?” सरांनी विचारलं. “तूच सांग. तुझं मैदान, तुझा शब्द.”

जुन्या सातांपैकी एखादा सांगितला असता तर कुणी बोललं नसतं. धाकटीच्या डोळ्यांसमोर पायावर पडलेला दगड आला.

“दे,” ती म्हणाली.

बाईंचा चष्मा कपाळावरून नाकावर आला. सर मात्र खूश झाले. “दोनशे वेळा देऊन दाखवायचं. प्रत्येक वेळी एक मिनिट. दीडशे जमले की मी यंत्रांचं नाव काढणार नाही. कबूल?”

“कबूल,” धाकटी म्हणाली. दाराबाहेर आल्यावर तिच्या लक्षात आलं, की आपले पाय ठोंब्यांसारखे पडताहेत.

पुढचे चार दिवस तिने काय केलं नाही? अंतर कमी केलं, तर ठोंबे अगदी पावलावर नेम धरू लागले. दगड जमिनीपासून उंचावरच दिला पाहिजे असा नियम घातला, तर ते तो समोरच्याच्या डोक्यावर ठेवू लागले. सावकाश दिला तरच गुण म्हटल्यावर त्यांनी तो सावकाश डोक्यावर ठेवला. पालथ्या घड्यावर पाणी. आणि यात ठोंब्यांची काय चूक, हेही तिला दिसत होतं. ज्याला गुण मिळतात तेच ते करत होते. काहीतरी तिच्याच हातून राहून जात होतं, आणि काय राहतंय ते कळत नव्हतं.

रविवारी ती घरी गेली.

घर म्हणजे खाली बाबांचं घड्याळदुरुस्तीचं दुकान आणि वर तीन खोल्या. ताई बाळंतपणाला आली होती आणि कालच दवाखान्यातून बाळाला घेऊन आली होती. दुकान रविवारी बंद. पण एक गिऱ्हाईक मागच्या दाराने आलंच होतं, आणि बाबा त्याचं मनगटी घड्याळ परत करत होते. काउंटरवर हिरवं कापड अंथरलेलं असे. बाबांनी घड्याळ त्या कापडावर ठेवलं, हात मागे घेतला, आणि मग गिऱ्हाइकाने ते उचललं. चाळीस वर्षं बाबा असंच करत आले होते. ते कुणाच्याही हातात काही देत नसत आणि कुणाच्या हातातून काही घेत नसत. “मधल्यामध्ये पडलं, तर कुणी पाडलं?” ते म्हणत. “कापडावर असलं की भांडण नाही. मी ठेवलं तोवर माझं, तू उचललंस की तुझं.” यामुळे दुकानात कधी तंटा झाला नव्हता, हे खरं. पण सवय वर घरातही चढली होती. या घरात कात्री मागितली तर ती टेबलावर येई. पाण्याचा पेला मागितला तर शेजारच्या स्टुलावर.

वर ताई बाळाला घेऊन पलंगावर बसली होती. भावोजी खुर्चीत, दोन्ही हात मांडीखाली दाबून.

“यांना द्यायला गेले की असे हात लपवतात,” ताई म्हणाली. “बॉम्ब आहे जसा काही.”

“मी घेतलाय एकदा,” भावोजी म्हणाले.

“उशीसकट घेतलात. उशी धरली होती तुम्ही, त्याला नाही. धाकटे, ते दुपटं दे बघू.”

धाकटीने दुपटं उचललं आणि ताईजवळ पलंगाच्या कडेवर ठेवलं.

ताई बघत राहिली. “दे म्हटलं ना तुला?”

“दिलं की.”

“हे देणं? माझे दोन्ही हात अडकलेत, दिसत नाही का तुला? आता हे मी काय दातांनी उचलू?” मग ती भावोजींना म्हणाली, “बघा, हे आमचं माहेर. इथे सगळं ठेवतात. देत कुणी काही नाही.”

धाकटीने दुपटं पुन्हा उचललं. ताईचं वाक्य तिच्या डोक्यात अडकलं होतं, पण का ते अजून नीट कळत नव्हतं.

तेवढ्यात जिन्यावर पावलं वाजली. बाबा आले. नातवाला त्यांनी लांबून पाहिलं होतं, अजून घेतलं नव्हतं. पंच्याला हात पुसत ते पलंगासमोर उभे राहिले.

“घ्यायचाय, बाबा?” ताईने विचारलं.

“घेतो ना,” बाबा म्हणाले. “खाली ठेव. मी उचलतो.”

मग आतून आईचा आवाज आला. “अहो, ते काय घड्याळ आहे?”

भावोजी इतके हसले की बाळ दचकलं. बाबांचे कान लाल झाले. ताई पलंगावरून उठली आणि त्यांच्या अगदी जवळ जाऊन उभी राहिली. “हात पुढे करा. असे नाही, मोकळे. हं. मान या हातावर.”

बाबांनी हात पुढे केले. जे हात केसाएवढा स्क्रू न चुकता बसवत, ते अवघडून हवेत थांबले. ताईने बाळ त्या हातांवर टेकवलं, पण आपले हात काढले नाहीत.

“धरलंत?”

“धरलं.”

“मान?”

“मान धरली.”

“वजन आलं का?”

“थांब,” बाबा म्हणाले. “आलं. थोडं आलं.”

“मग येऊ द्या की पूर्ण. घाई नाही.”

बाबांचे खांदे जरा खाली आले. कोपर अंगाशी गेलं. ताईचे हात अजून खालीच होते, पण आता ते नुसते होते. भार दुसरीकडे गेला होता. हे धाकटीला दिसलं. ताईने आधी एक हात काढला, मग दुसरा.

“सोडलं हं.”

“कधी?” बाबा म्हणाले.

धाकटी दुपटं तसंच हातात धरून उभी होती. मघाशी काही वेळ बाळ दोघांच्या हातांत होतं. जमिनीपासून तेवढंच उंच, दोघांपासून तेवढंच जवळ. अंतर मोजलं असतं तर काहीच घडलं नाही असं दिसलं असतं. आणि जे घडायचं ते सगळं तेवढ्यात घडलं होतं.

“खुंटी,” ती म्हणाली.

“कुठली खुंटी?” आईने आतून विचारलं.

पण धाकटी चपला घालत होती. दुपटं तिने ताईच्या हातात दिलं. ताईची बोटं मिटेपर्यंत थांबून दिलं, आणि जिना उतरली. “जेवून जा गं!” आई ओरडली. खाली दुकानाच्या काउंटरवरचं हिरवं कापड तिने जाता जाता एकदा चिमटीत धरून पाहिलं. चांगलं जाड होतं. त्याच्यावर ठेवलेलं काही फुटण्यासारखं नव्हतं.

तिने खुंटी काढून टाकली. अंतराचा नियमही काढून टाकला. खुंटीला हात नव्हते. तिला काही घेता येत नव्हतं, म्हणून तिला काही देताही येत नव्हतं. इतके दिवस ठोंबे हिरव्या कापडावर घड्याळं मांडत होते, बाबांच्या तालमीत वाढल्यासारखे. नवा नियम एका ओळीचा होता: दगड एकाच्या हातून दुसऱ्याच्या हातात गेला आणि मध्ये जमिनीला लागला नाही, तर दोघांनाही गुण. कसं, ते सांगायचं नाही. घेणाऱ्यासाठी तर शब्दही नाही. ठोंब्यांना आपल्या हातावर किती भार आहे हे कळत असे. ते त्यांना पहिल्यापासून दिलेलं होतं, पण आजवर त्याचा त्यांना काही उपयोग पडला नव्हता.

पहिले दोन दिवस मैदानात नुसती झोंबाझोंबी. देणारा सोडेना, घेणारा ओढे, दोघे मिळून खड्ड्यात. कुणी दगड हवेत भिरकावी आणि दुसरा पळून जाई. अठ्ठ्याण्णव टक्क्यांवरून गाडी थेट शून्यावर आली.

“डॉक्टर,” पैलवान म्हणाला, “ते आधीचंच बरं होतं. निदान शांतता होती.”

“तुझं तोंड बंद ठेव आणि मला तो नववा दाखव.”

“काय करतोय तो?”

“काही नाही करत. म्हणूनच दाखव.”

नवव्या ठोंब्याने दगड पुढे धरला होता. समोरच्याचे हात दगडाखाली चाचपडत होते, एकदा निसटले, पुन्हा आले. नववा हलला नाही. मग त्याचे हात बाजूला झाले, आणि दगड जिथल्या तिथे राहिला. फक्त आता तो दुसऱ्याच्या हातात होता.

धाकटीने त्याच्या हातावरच्या भाराची रेघ काढली. रेघ बराच वेळ सपाट होती. मग ती उतरली, पण तळाला गेली नाही. निम्म्यावर येऊन थांबली, तिथे थोडा वेळ सपाट राहिली, आणि मग शून्यावर आली. जिन्याच्या एका पायरीसारखी.

“ही बघ,” ती म्हणाली आणि पडद्यावर बोट ठेवलं. “ही पायरी. इथे दगड दोघांचा आहे. याला कळलं, की निम्मा भार गेला. मग सोडलं.”

पैलवान नाक पडद्याला लागेपर्यंत वाकला. “आयला,” एवढंच तो म्हणाला. मग तो गेला आणि न सांगता दोन कप चहा घेऊन आला. तिच्या पुढ्यात कप ठेवायला वाकला, थांबला, आणि कप धरूनच उभा राहिला. तिने दोन्ही हातांनी घेतला.

“भार आला का?” तो म्हणाला.

“गप रे.”

नवव्याला जे सापडलं ते बाकीच्यांना सापडायला फार वेळ लागला नाही. आठवडा संपता संपता पायऱ्या सगळ्यांच्याच रेघांवर उमटू लागल्या. बाई येऊन बघून गेल्या. जाताना चष्मा तिच्या टेबलावर विसरल्या.

रविवारी ती पुन्हा घरी आली होती. सोमवारी सकाळी निघताना बाबांनी तिचं मनगटी घड्याळ साफ करून ठेवलं होतं. ठेवलं होतं ते कापडावरच.

“अजून कापडच?” ती म्हणाली.

“मग? नातू वेगळा, घड्याळ वेगळं.” त्यांनी हात मागे घेतला. “सावकाश कर. घाई नाही.”

समितीत तिघे होते. अध्यक्ष एक वयस्कर बाई होत्या, ज्यांना कमी ऐकू येई, आणि म्हणून सगळे उगाच मोठ्याने बोलत. सरांनी आपला देखावा एका पेन ड्राइव्हमध्ये आणला होता. तो त्यांनी धाकटीपुढे धरला. ती सवयीने म्हणाली, “तिथे ठेवा ना, सर.” त्यांनी तो टेबलावर ठेवला, तिने उचलला, यंत्राला लावला.

पडद्यावर सरांचा देखावा उघडला आणि धाकटीच्या तोंडचं पाणी पळालं.

मध्ये खड्डा होता, हात लांबवला तरच पलीकडे पोचेल एवढा रुंद. अलीकडे दगड घेतलेला ठोंब्या. पलीकडे दुसरा ठोंब्या. आणि त्याच्या दोन्ही हातांत आधीपासूनच एक दगड.

“त्याचे हात भरलेले आहेत,” पैलवान कुजबुजला. “यांनी कधी भरलेले हात पाहिलेच नाहीत.”

“माहितीय मला.”

“सर, ही काय पद्धत झाली?” पैलवान आता मोठ्याने म्हणाला.

“का?” सर म्हणाले. “माझ्या लोखंडी हातासमोर लोक काय रिकाम्या हातांनी येतात? एका हातात फाइल, दुसऱ्यात फोन. तिथेच तर कप फुटतात.”

यात खोटं काही नव्हतं. धाकटीने शब्द दिला.

अलीकडचा ठोंब्या काठापर्यंत चालत गेला. त्याने दगड खड्ड्यावरून पुढे धरला. समोरून हात आले नाहीत. पलीकडचा आपला दगड पोटाशी धरून उभा होता. पडद्याच्या कोपऱ्यातलं मिनिट सरकू लागलं.

ठोंब्या तसाच उभा राहिला. वजनाने त्याचे गुडघे वाकले, तेव्हा त्याने दगड मागे घेऊन पोटाशी धरला. पुन्हा पुढे केला. पुन्हा कुणी घेतला नाही.

“अडकला,” सर म्हणाले. ते हसत नव्हते. “होतं असं. माझा हातही असाच अडकतो.”

“काय झालं?” अध्यक्षबाईंनी विचारलं.

“अडकला म्हटलं!”

“कोण?”

अर्धं मिनिट गेलं होतं. शब्द पुन्हा द्यायची कळ धाकटीच्या बोटाखाली होती. पैलवान तिच्याकडे बघत होता. ठोंब्याने दगड तिसऱ्यांदा पुढे धरला. तिने बोट उचललं आणि हात मांडीवर ठेवला.

पलीकडचा ठोंब्या हलला. तो अर्धवट वळला. त्याने आपला दगड स्वतःच्या पायाशी, काठापासून जरा आत, ठेवला. घेण्यासाठी हात असे मोकळे करायचे हे त्याला कुणी शिकवलं नव्हतं, आणि त्याला कुठला शब्दही दिलेला नव्हता. मग तो पुन्हा समोर वळला आणि त्याचे दोन रिकामे हात खड्ड्यावरून पुढे आले.

बाजूच्या चौकटीत भाराची रेघ चालू होती. सपाट. सपाट. मग ती निम्म्यावर उतरली आणि थांबली.

“सोड,” पैलवान ओठांत म्हणाला.

“थांब,” धाकटी म्हणाली. “अजून पूर्ण यायचाय.”

रेघ शून्यावर आली. दगड पलीकडे गेला होता. कोपऱ्यात अकरा सेकंद शिल्लक होते.

पैलवानाने टेबलावर इतक्या जोरात मूठ आपटली, की समितीचा पाण्याचा पेला कलंडला. बाईंनी चष्मा काढून पुसायला घेतला. अध्यक्षबाई खुर्चीत पुढे सरकल्या होत्या. “त्याने वाट बघितली,” त्या सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या. “बघितली ना?”

“एक वेळ जमलं,” सर म्हणाले, पण त्यांचे डोळे बाजूच्या चौकटीतून हटले नव्हते. “ठरले होते दोनशे.”

“चालू केलेत,” धाकटी म्हणाली.

आता यंत्रांचा वेग वाढवला होता, म्हणून दोनशे वेळा व्हायला चहा होईपर्यंतचाच वेळ लागला. पडद्यावर खड्डे, दगड आणि ठोंबे घाईघाईने सरकत राहिले आणि धाकटी त्यांच्याकडे न बघता खिडकीबाहेर बघत राहिली. सर मात्र कप घेऊन पडद्यासमोरच उभे होते. त्यांचा चहा निवून गेला.

“ती रेघ,” ते शेवटी म्हणाले. “निम्म्यावर थांबते ती. ती परत दाखव.”

तिने दाखवली.

“माझ्या हाताला भार कळतो,” ते स्वतःशीच म्हणाले. “पहिल्यापासून कळतो. पण आम्ही त्याला सांगितलंय की कप टेबलावर पोचला की सोड.” त्यांनी निवलेला कप टेबलावर ठेवला. “समोर माणूस असला तरी तो टेबलच शोधतो.”

“आमच्याकडे खुंटी होती, सर.”

“मी मंगळवारी येऊन बसू तुझ्याकडे? इथेच. यंत्रं हलवायला नको.”

“या ना.”

यंत्राने एक बारीक टिंग आवाज केला. संपलं होतं. समितीतल्या एकाने आकडे मोठे करायला सांगितले. पहिला आकडा आला तेव्हा पैलवान खुर्चीवर चढला होता आणि बाई त्याला खाली उतर म्हणत नव्हत्या. सर ओळींवरून बोट फिरवत खाली आले आणि थांबले.

“नऊ राहिले,” ते म्हणाले. “या नऊ वेळा पलीकडच्याने त्याचा दगड खाली ठेवलाच नाही. मिनिट संपलं. ते नऊ नापास धरावे लागतील.”

“धरा,” धाकटी म्हणाली.

“त्या नऊ वेळा,” अध्यक्षबाईंनी विचारलं, “याचा दगड कुठे गेला? खड्ड्यात?”

सरांनी शेवटची ओळ पुन्हा वाचली. धाकटीने यंत्राला लावलेला पेन ड्राइव्ह काढला आणि त्यांच्यापुढे धरला. त्यांनी न बघताच हात पुढे केला. तिने तो त्यांच्या तळव्यावर टेकवला आणि त्यांची बोटं मिटेपर्यंत धरून ठेवला.

“वाचा ना मोठ्याने,” अध्यक्षबाई म्हणाल्या.

सरांनी वाचलं.

“एकूण दोनशे. समोरच्याच्या हातात, एकशे एक्क्याण्णव. अजून स्वतःच्याच हातात, नऊ. पडले, शून्य.”